रेनबो बबल-टिपचा रंग नेमका कुणाचा? छंदाचं साहित्य आणि एक शोधनिबंध शेजारी ठेवून

साहित्याचा आढावा घ्यायचा म्हटलं की आपण थेट जर्नलांकडे धावतो. सिनॉप्सिस लिहिताना गाईडही तेच सांगतात. पण प्राणीशास्त्रात असे काही विषय आहेत जिथे जर्नलांपेक्षा जास्त पानं हौशी लोकांनी लिहिलेली आहेत, आणि त्यांच्याकडे दुर्लक्षही करता येत नाही, कारण प्राणी रात्रंदिवस त्यांच्याच डोळ्यांसमोर असतो. आज असाच एक विषय घेतोय: घरच्या रीफ टाकीतले सी अ‍ॅनिमोन, त्यांचे रंगप्रकार आणि त्यांची निगा. निगेचे सल्ले एका हाताला आणि त्याच प्राण्यावरचा एक शोधनिबंध दुसऱ्या हाताला ठेवून दोन्ही तपासू. ज्यांना टाकीत रस नाही त्यांनीही वाचा, कारण यातल्या चुका आपल्या प्रबंधांतही सर्रास सापडतात.

आधी प्राणी कोण ते बघू. सी अ‍ॅनिमोन म्हणजे समुद्रपुष्प. नाव फुलाचं असलं तरी हा प्राणी आहे, प्रवाळाचा चुलत भाऊ. आपल्याकडे हाजी अलीच्या खडकांवर ओहोटीला पाणी साचलेल्या खळग्यांत याची भावंडं दिसतात. घरच्या टाकीत सगळ्यात जास्त पाळली जाते ती जात म्हणजे एन्टॅक्मिया क्वाड्रिकलर. हिच्या स्पर्शकांची टोकं फुगून छोटे फुगे दिसतात म्हणून बाजारात हिला बबल-टिप म्हणतात. तांबड्या समुद्रातल्या नमुन्यांवरून लॉयकार्ट यांनी १८२८ मध्ये हिचं वर्णन केलं. जातीच्या नावाचाच अर्थ 'चार रंगांची'. म्हणजे रंगाचा घोळ पहिल्या दिवसापासूनच नावात बसलेला आहे.

पुढची दीडशे वर्षं शास्त्रज्ञांनीही याच प्राण्याला वेगवेगळी नावं दिली. फायसोब्रॅकिया या वंशनावाखाली नोंदलेले कित्येक नमुने शेवटी हीच जात निघाले. डॅफ्नी फॉटिन डन यांनी १९८१ मध्ये क्लाउनफिश राहतात त्या अ‍ॅनिमोनांचा सविस्तर आढावा प्रसिद्ध केला आणि बराच पसारा आवरला. पुढे फॉटिन आणि जेराल्ड अ‍ॅलन यांचं १९९२ चं क्षेत्र-मार्गदर्शक पुस्तक आलं, त्यात क्लाउनफिशला आसरा देणाऱ्या अ‍ॅनिमोनांच्या फक्त १० जाती आहेत. वर्गीकरणात जात ठरते ती स्पर्शकांची रचना, पायाची चकती, खोडावरचे फोड अशा गोष्टींवर. रंगावर विसंबून राहिलं की फसगत ठरलेली.

बाजाराने मात्र बरोबर उलटा रस्ता धरला. एकाच जातीला रोझ, रेनबो, ब्लॅक विडो, कोलोरॅडो सनबर्स्ट, शेरमन रोझ अशी नावं. शास्त्रज्ञ नावं एकत्र करत आले आणि विक्रेते फोडत आले. याला माझा तत्त्वतः आक्षेप नाही. आंब्याच्या झाडाचं कलम करून आपण हापूस, पायरी म्हणतोच की. खरं तर ही तुलना इथे चांगलीच लागू पडते, कारण बबल-टिप स्वतःच मधोमध फाटून दोन होते. नामांकित रंगप्रकारातले बरेचसे प्राणी एकाच मूळ प्राण्याचे क्लोन असतात. जनुकांच्या हिशेबाने सगळे मिळून एकच जीव.

आता हे एक वाक्य हातात धरून निगेचे सल्ले वाचा. 'माझ्या टाकीत दहा रेनबो आहेत, निळा दिवा लावल्यापासून दहाच्या दहा जास्त लाल झाले.' दहा प्राणी, दहा निरीक्षणं, असं वाटतं ना? क्लोन एक, टाकी एक, दिवा एक. नमुन्याचा आकार आहे एक. स्टुअर्ट हर्लबर्ट यांनी १९८४ मध्ये 'इकॉलॉजिकल मोनोग्राफ्स'मध्ये याच दुखण्याला सूडोरेप्लिकेशन असं नाव दिलं. मराठीत छद्म-पुनरावृत्ती म्हणू. उपचार एकदाच दिला, मोजमाप दहा वेळा घेतलं, आणि मग दहा स्वतंत्र पुरावे असल्यासारखं गणित केलं. तो निबंध कोर्सवर्कच्या यादीत नसेल तरी मिळवून वाचा. हौशी माणूस हे करतो तेव्हा आपण हसतो. पण एकाच तळ्यातून वीस बाटल्या पाणी भरून 'एन बरोबर वीस' लिहिणारे प्रबंध मी वाचलेत, आणि त्यांना पदवीही मिळालेली आहे.

रंग कुठून येतो

निगेच्या लेखांमध्ये 'रंग' हा एकच शब्द तीन-चार वेगळ्या गोष्टींसाठी वापरतात. माझी मुख्य तक्रार हीच आहे.

एक, तपकिरी छटा. ती अ‍ॅनिमोनची स्वतःची नसतेच. पेशींत राहणाऱ्या सूक्ष्म शैवालांची, झूक्सँथेलींची ती असते. हे शैवाल प्रकाशसंश्लेषण करून यजमानाला अन्न पुरवतं. दोन, हिरवे-लाल चमकदार रंग. ते प्राणी स्वतः बनवतो, प्रतिदीप्त प्रथिनांच्या रूपात. याच एन्टॅक्मियातून वेगळं केलेलं ईक्यूएफपी ६११ नावाचं लाल प्रथिन २००२ मध्ये प्रसिद्ध झालं. ते साधारण ५५९ नॅनोमीटरचा प्रकाश सगळ्यात चांगला शोषतं आणि ६११ नॅनोमीटरला, म्हणजे लाल पट्ट्यात, उजळतं. याच जातीच्या दुसऱ्या एका लाल प्रथिनापासून टॅग-आरएफपी, कटुष्का ही प्रथिनं तयार झाली आणि ती आज पेशीजीवशास्त्राच्या प्रयोगशाळांत रोजच्या वापरात आहेत. तुमच्या विभागातल्या कन्फोकल सूक्ष्मदर्शकाखाली लाल दिसणारी पेशी कदाचित या प्राण्याचं देणं लागते.

तीन, दिवा. चार, कॅमेरा. निळ्या एलईडीखाली फोटो काढायचा, व्हाइट बॅलन्स हवा तसा फिरवायचा, आणि तोच फोटो 'रंगप्रकार' म्हणून छापायचा.

आता 'निळा दिवा लावा, लाल खुलेल' हा सल्ला घ्या. यात दोन वेगळे दावे एकमेकांत गुंतलेले आहेत. पहिला दावा प्रकाशशास्त्राचा: निळ्या प्रकाशात प्रतिदीप्ती उठून दिसते. दिवा लावला की दिसते, बंद केला की जाते. प्राण्यात काहीच बदललेलं नसतं. त्यातही वरचे दोन आकडे बघा. ज्या प्रथिनाला ५५९ नॅनोमीटर आवडतं, त्याला ४५० च्या आसपासचा निळा दिवा थेट फारसा उपयोगाचा नाही. म्हणजे हा सल्ला हिरव्या रंगाच्या बाबतीत जितका सरळ आहे तितका लालच्या बाबतीत नाही. दुसरा दावा जीवशास्त्राचा: निळ्या प्रकाशामुळे प्राणी जास्त रंगद्रव्य बनवतो. याला आधार आहे. डि-अँजेलो आणि सहकाऱ्यांनी २००८ मध्ये दाखवलं की प्रवाळांतल्या यजमान-रंगद्रव्यांचं उत्पादन निळ्या प्रकाशाने नियंत्रित होतं. पण ते काम प्रवाळांवरचं. अ‍ॅनिमोनपर्यंत ते ओढायचं तर ओढतोय असं सांगून ओढावं.

दोन दावे वेगळे करायचे कसे? वेळ बघा. दिवा बदलल्याच्या क्षणी रंग बदलला तर तो प्रकाशाचा खेळ. काही आठवड्यांनी बदलला आणि जुन्या दिव्याखाली परत नेल्यावरही टिकला, तर प्राणी बदलला. त्यासाठी उपकरण नको, फक्त नोंदवही हवी आणि फोटो दर वेळी त्याच दिव्याखाली, त्याच सेटिंगवर काढायला हवा. इतकी साधी गोष्ट, पण मी वाचलेल्या लेखांमध्ये ती पाळलेली क्वचितच दिसते.

रंगाच्या या गोंधळाची किंमत प्राणी मोजतो. पांढराशुभ्र किंवा जांभळ्या टोकांचा फिकट अ‍ॅनिमोन दुकानात 'दुर्मीळ' म्हणून विकला जातो तेव्हा बहुतेक वेळा तो ब्लीच झालेला असतो. शैवाल गमावलेला, म्हणजे घरातला स्वयंपाकी निघून गेलेला. पिवळेधमक आणि गडद निळे अ‍ॅनिमोन रंगवून विकण्याचा प्रकारही या धंद्यात जुना आहे. रंग उतरतो, पण प्राणी बऱ्याचदा त्याआधीच जातो. आणि टाकीत अ‍ॅनिमोन मेला की तो एकटा मरत नाही. त्याच्या कुजण्याने पाणी बिघडून मासेही जातात. 'पांढरा' हा शब्द रंगांच्या यादीत गेला, आजारांच्या यादीत राहिला नाही, एवढ्यावरून हे घडतं. संशोधनात चलाची व्याख्या आधी करा असं आपल्याला का सांगतात, याचं इतकं रोखठोक उदाहरण पुस्तकात सापडणार नाही.

निगेचे नियम कसे तपासायचे

नियम सगळीकडे साधारण सारखेच. तापमान २५ ते २७ अंश सेल्सिअस, क्षारता हजारी ३५ च्या जवळपास, नायट्रेट कमी, भरपूर प्रकाश, पाय रोवायला खडकाची कपार, पंपाच्या तोंडाला जाळी, आठवड्यातून एक-दोनदा कोळंबीचा किंवा माशाचा छोटा तुकडा. यात चुकीचं काही नाही. क्लाउनफिश असेल तर त्याच्या उत्सर्जनातला अमोनियाही शैवालाला खत म्हणून मिळतो. (एक गोष्ट जाता जाता. हे लेखन बहुतेक थंड हवेच्या देशांतलं असल्यामुळे सगळा भर हीटरवर. नागपूरच्या मे महिन्यात टाकी थंड कशी ठेवायची आणि चार तास लाइट गेली तर पाण्यात हवा कशी खेळती राहणार, हा आपला प्रश्न. सल्ला कुठे लिहिला गेला, हाही त्याच्या पद्धतीचाच भाग आहे.)

मला छळतात ते दोन नियम. पहिला: 'टाकी किमान सहा महिने जुनी झाल्याशिवाय अ‍ॅनिमोन आणू नका.' बरं. पण सहा महिन्यांत नेमकं काय बदलतं? पाणी स्थिर होतं, हे खरं. पण त्याच सहा महिन्यांत पाळणाराही शिकतो. आणि ज्यांचा उत्साह टिकला नाही ते छंद सोडून गेलेले असतात. तिन्ही गोष्टी एकाच वेळी घडतात, त्यामुळे टाकीचं वय हा कारण म्हणून मोजलेला घटक नाही, तो तीन कारणांच्या जागी उभा केलेला बदली खेळाडू आहे. नियम पाळा, तो उपयोगी आहे. पण 'का' या प्रश्नाचं उत्तर म्हणून तो सिनॉप्सिसमध्ये लिहू नका. शिवाय ज्यांचे अ‍ॅनिमोन मेले त्यांनी लेख लिहिलेलेच नाहीत. यशस्वी माणसांची सरासरी म्हणजे सगळ्यांची सरासरी नव्हे.

दुसरा नियम मला जास्त मजेशीर वाटतो. प्रकाशमापक घेऊन अ‍ॅनिमोन बसलाय तिथली तीव्रता मोजतात आणि लिहितात, 'याला इतका प्रकाश लागतो.' अहो, पण हा प्राणी चालतो! पायाची चकती सरकवत तो टाकीभर फिरतो आणि मग जागा धरतो. त्यामुळे तिथला प्रकाश हा तुम्ही दिलेला उपचार नाही, त्याने निवडलेला निकाल आहे. आणि निवडताना त्याने प्रकाशाबरोबर प्रवाह, कपार, शेजारी हे सगळं मिळून निवडलंय. स्वतंत्र चल आणि अवलंबी चल यांची अदलाबदल म्हणतात ती ही.

फुग्यांचंही तसंच. टोकं का फुगतात? कुणी म्हणतं प्रकाशामुळे, कुणी म्हणतं क्लाउनफिशमुळे, कुणी म्हणतं पोट भरल्यामुळे. पण ज्याच्याकडे चांगला दिवा असतो त्याच्याकडे बहुधा मासाही असतो, आणि तो खायलाही वेळेवर घालतो. तिन्ही कारणं हातात हात घालून येतात, मग त्यातल्या एकाचं नाव कसं घेणार?

आता शोधनिबंधाकडे

हौशी लोकांना एवढं बोलून झाल्यावर आपल्या बाजूचाही हिशेब व्हायला हवा. ॲना स्कॉट, जॅना हार्डफेल्ट आणि कॅरिना हॉल यांचा २०१४ चा 'प्लॉस वन'मधला निबंध घेऊ. तो खुला आहे, कुणालाही वाचता येतो. प्रश्न असा: एन्टॅक्मिया क्वाड्रिकलर कापून तिची रोपवाटिका करता येईल का, म्हणजे समुद्रातून ओरबाडायची गरज कमी होईल. पहिल्या प्रयोगात प्राण्याचा आकार आणि रंगप्रकार यांचा जगण्यावर परिणाम होतो का हे पाहिलं. दुसऱ्यात, कापल्यानंतर खायला घातल्याने फरक पडतो का हे.

मला हा निबंध आवडतो, आणि पहिलं कारण हे की रंगप्रकार इथे सजावट म्हणून येत नाही, तपासायचा घटक म्हणून येतो. पण सारांश नीट वाचा. प्रश्नात रंग आहे. निकालाच्या वाक्यांत तो दिसत नाही, तिथे अर्धे तुकडे आणि पाव तुकडे यांचीच तुलना आहे. सारांश वाचताना एक सवय लावून घ्या: डावीकडे प्रश्न मोजा, उजवीकडे उत्तरं. आकडे जुळले नाहीत तर उरलेल्या उत्तरासाठी आतल्या तक्त्यांत जायचं. फक्त सारांश वाचून संदर्भ देणाऱ्यांच्या हातून नेमकं हेच निसटतं.

आता आकडे. अर्धे केलेले ८९.३ टक्के आणि ९३.८ टक्के जगले, अनुक्रमे पहिल्या आणि दुसऱ्या प्रयोगात. पाव केलेले ६२.५ आणि ८०.४ टक्के. लेखक म्हणतात, पाव तुकड्यांत जगण्याचं प्रमाण कमी असलं तरी हाती आलेले प्राणी जास्त. टक्के तुकड्यांचे धरून हिशेब करू. १०० प्राणी घेतले. अर्धे केले तर २०० तुकडे, पहिल्या प्रयोगाच्या दराने १७९ जगले, २१ मेले. पाव केले तर ४०० तुकडे, २५० जगले, १५० मेले. विक्रेत्याच्या वहीत २५० हा आकडा जातो. प्राण्यांच्या बाजूने बघणाऱ्याच्या डोळ्यात १५० हा आकडा खुपतो. दोन्ही एकाच तक्त्यातून निघतात. 'सर्वाधिक उत्पादन' हा निष्कर्ष चुकीचा नाही, पण 'चांगली पद्धत' कोणती हे ठरवायला तो पुरेसा नाही, कारण अर्धे तुकडे आकाराने मोठे राहिले, लवकर भरले आणि लवकर वाढले, हेही त्याच निबंधात आहे.

आणखी एक गोष्ट बघा. पाव तुकड्यांचे दोन प्रयोगांतले आकडे, ६२.५ आणि ८०.४. फरक जवळपास १८ अंकांचा. दुसऱ्या प्रयोगातच अर्धे विरुद्ध पाव हा फरक साधारण १३ अंकांचा. म्हणजे हाच उपचार दुसऱ्यांदा केल्यावर पडलेला फरक हा त्या प्रयोगातल्या दोन उपचारांमधल्या फरकापेक्षा मोठा. कौशल्य सुधारलं असेल, प्राणी वेगळे असतील, ऋतू वेगळा असेल. पण उद्या कुणी 'पाव केले तर इतके टक्के जगतात' असा एकच आकडा लिहिला तर त्याला विचारा, कुठल्या वेळचे?

खाद्याचा प्रयोग तर शिकवण्यासारखाच आहे. खायला घातल्याने तोंडाकडच्या चकतीची वाढ जास्त झाली, वजनातली घट कमी झाली, पायाच्या चकतीत ठळक फरक पडला नाही. पण कापलेल्या तुकड्याला नवं तोंड तयार व्हायला, तेही मध्यापासून सरकलेलं, ५६ दिवसांपर्यंत लागले. ज्याला तोंडच नाही त्याला जेवण वाढून परिणाम मोजायचा! हे लेखकांच्याही लक्षात आहे. प्रयोग जास्त काळ चालला असता तर खाद्याचा परिणाम मोठा दिसला असता, असं ते स्वतः म्हणतात. मर्यादा अशी लिहायची असते: नेमकी, कारणासकट, आणि निकालाची दिशा कुठे झुकली असेल ते सांगून. 'वेळ आणि निधीअभावी' हे आपल्याकडचं ठरलेलं वाक्य याच्याजवळ ठेवून बघा.

मग एकाच प्राण्यावरच्या नोंदींना काहीच किंमत नाही का? आहे, नोंद असेल तर. १८२८ मध्येच, एन्टॅक्मियाला नाव मिळालं त्याच वर्षी, स्कॉटलंडच्या नॉर्थ बेरिकच्या किनाऱ्यावरून सर जॉन डॅलिएल यांनी एक साधा तांबूस अ‍ॅनिमोन उचलून आणला आणि काचेच्या भांड्यात ठेवला. लोक त्याला 'ग्रॅनी' म्हणू लागले. डॅलिएल १८५१ मध्ये वारले, ग्रॅनी हातोहात पुढच्या पालकांकडे गेली आणि १८८७ मध्ये मेली. नमुना एक, पण कुठून आणला, कधी आणला, कुणाकडे होता, कधी मेला, सगळं लिहून ठेवलेलं. त्यामुळे 'अ‍ॅनिमोन किमान ५९ वर्षं जगू शकतो' हे विधान एका प्राण्यावर उभं राहतं. कारण 'जगू शकतो' म्हणायला एक पुरतो, 'जगतात' म्हणायला पुरत नाही. आणि ग्रॅनीच्या जातीत, ॲक्टिनिया इक्विनात, झूक्सँथेली नसतात. तिला दिव्याची पर्वा नव्हती. त्यामुळे साध्या भांड्यातल्या तिच्या आयुष्यावरून बबल-टिपच्या निगेचा एकही नियम काढता येत नाही.

हे सगळं वाचून कुणाला या विषयावर छोटा प्रकल्प करावासा वाटला तर छंदाने एक सोय करून ठेवली आहे. नामांकित रंगप्रकाराचे क्लोन म्हणजे जनुकं स्थिर ठेवून परिसर बदलण्याची आयती संधी, जुळ्यांच्या अभ्यासासारखी. एका क्लोनचे आपोआप विभागलेले प्राणी वेगवेगळ्या टाक्यांत ठेवा. कोणत्या टाकीला कोणता दिवा हे चिठ्ठी टाकून ठरवा. प्रत्येक दिव्याखाली किमान तीन-चार टाक्या हव्यात, आणि एन म्हणजे टाक्या, प्राणी नव्हेत. फोटो ठरलेल्या एकाच दिव्याखाली, शेजारी रंगपट्टी ठेवून. त्यानंतर हेच दुसऱ्या क्लोनवर, मग तिसऱ्यावर. एकाच क्लोनवर थांबलात तर तुम्हाला दिव्याबद्दल काहीतरी कळेल, पण ते त्या एका प्राण्यापुरतंच. परीक्षक पहिला प्रश्न तिथेच विचारतील.